कांद्याचं पाणी

हल्ली टीव्हीवर खऱ्याखुऱ्या माणसांचे म्हणून जे कार्यक्रम लागतात ना, ते लागले की मी रिमोट शोधायला लागते. कोणी गाणं म्हणायला आलेलं असतं, कोणी नाचायला, कोणी नुसतंच भांडायला, आणि शेवटी सगळे रडतात. रडणाऱ्याच्या पार नाकाशी कॅमेरा नेतात मेले! मागून सारंगी सुरू होते, समोर बसलेले परीक्षकही रुमाल काढतात. माझी सून म्हणते, "आई, हे रिॲलिटी आहे." मी म्हणते, माय वं, रिॲलिटी काय असते ते मला आमच्या वरच्या खोलीतल्या भाडेकरूने केव्हाच दाखवून ठेवलंय, आणि तेही त्या काळात, जेव्हा नागपुरात टीव्हीवर माणसं कमी आणि मुंग्या जास्त दिसायच्या.

आता आम्ही मनीषनगरात फ्लॅटमध्ये राहतो. तेव्हा बर्डीच्या बाजारामागच्या एका गल्लीत घर होतं. खाली आम्ही राहायचो. मामाजी, म्हणजे माझे सासरे, आमच्याकडे सासऱ्यांना मामाजीच म्हणतात. सासूबाई, ज्यांना सगळी गल्ली आई म्हणायची. माझे हे, नणंद चंदा आणि मी. वर गच्चीला लागून एक खोली होती, त्या खोलीत भाऊ राहायला आले. त्यांचं नाव मी लिहीत नाही, कारण त्यांना ते आवडलं नसतं. "लहानपणी इतक्या मोठ्या अक्षरांत पाहून झालं वहिनी," म्हणायचे, "आता पोस्टकार्डावर दिसलं तरी मळमळते."

भाऊ लहानपणी सिनेमात होते. हे त्यांनी सांगितलं नव्हतं, आईंनी पहिल्याच दिवशी ओळखलं. पेटी घेऊन जिना चढणाऱ्या त्या चाळिशीकडे झुकलेल्या, टक्कल पडत चाललेल्या माणसाला त्यांनी खालून निरखून पाहिलं आणि धावत स्वयंपाकघरात आल्या.

"अवं, हा तर तो रडका होय!"

"कोण रडका?"

"सिनेमातला वं! सावत्र मायच्या घरचा. काय रडे बाप्पा तो पोट्टा! टाकीजमंधी माह्या लुगड्याचा पदर पिळून काढला होता मी."

झालं. त्या दिवसापासून आमच्या घरात भाऊंचं पाठीमागचं नाव रडका पडलं. आणि गंमत अशी, की या रडक्याला कोणी कधी रडताना पाहिलं नव्हतं.

त्यांचे विक्षिप्तपणे सांगायला बसले तर संध्याकाळ होईल. खोलीतला आरसा त्यांनी भिंतीकडे तोंड करून टांगला होता. दाढी चाचपून करायचे, त्यामुळे हनुवटीखाली कायम एक झुपका राहिलेला. सत्यनारायणाला सगळ्यांचा मिळून फोटो काढायचं ठरलं की भाऊ नेमके चपला शोधायला जायचे. पावडरचा तर त्यांना भयंकर तिटकारा. आईंनी एकदा भर मे महिन्यात घामोळ्यांसाठी डबा पुढे केला, तर माणूस शिंकत शिंकत अंगणात जाऊन उभा राहिला, उन्हात. बोलणं अगदी खाप्याचं, कारण गाव नागपूरजवळचं खापा. पण मांजर दुधाला तोंड लावायला आली की एकदम सिनेमातल्या शुद्ध भाषेत तिला दटावायचे, "दुष्टे, निघून जा येथून!" मांजरही बिचारी दचकून जायची.

जेवायचे मेसमध्ये. रविवारी मात्र आमच्याकडे रस्सा असायचा आणि त्या दिवशी कांदा चिरायचा मान भाऊंचा. कोणाला विळीला हात लावू द्यायचे नाहीत. पाटावर बसून ढीगभर कांदा चिरायचे, आणि डोळ्यांतून अशा धारा, की चष्मा काढून बाजूला ठेवायला लागायचा. एकदा मला राहवलं नाही.

"भाऊ, द्या ना इकडे. काहून जिवाले त्रास करून घेता?"

त्यांनी गालावरचं पाणी बोटावर घेतलं आणि मला दाखवलं. "हे कांद्याचं पाणी आहे वहिनी. माझं नाही. माझं लहानपणीच संपलं."

मला वाटलं, हाही त्यांचा एक डायलॉग. मग पुढची गोष्ट कळली, पण ती एकदम नाही. एक रविवार, एक कांदा, असं करत करत कळली.

त्यांच्या वडिलांना नाटकाचा नाद. खाप्याला थोडी शेती, ती भावाच्या गळ्यात घालून ते या पोराला घेऊन पुण्या-मुंबईच्या स्टुडिओंत हिंडायचे. माय खाप्यालाच. पोरगं दिसायला गोड, पण खरा भाव होता तो त्याच्या रडण्याला. आणि ते रडणं कसं काढायचे? तर सीन तयार झाला की दिग्दर्शक वडिलांना खूण करायचा. वडील खांद्यावर पिशवी टाकायचे आणि म्हणायचे, "मी चाललो खाप्याले. तू राह्य इथंच." आणि खरंच दाराबाहेर निघून जायचे. पोरगं हंबरडा फोडायचं, कॅमेरा फिरायचा. सीन झाला की वडील परत हजर, हातात पेपरमिंट.

"पण तुम्हाला माहीत होतं ना, ते परत येतील म्हणून?" मी विचारलं.

"डोक्याले माहीत होतं ना वहिनी. पोटाले नव्हतं."

मग एक दिवस वडील पिशवी घेऊन गेले आणि पोराने नुसतं दाराकडे पाहिलं. काही आलंच नाही. चिमटे काढून झाले, डोळ्यांत ग्लिसरीन घालून झालं, डोळे सुजले, पण आतून काही येईना. स्टुडिओवाल्यांनी दुसरं रडणारं पोर आणलं आणि बापलेक खाप्याला परत आले. पुढे बऱ्याच वर्षांनी वडील वारले, तेव्हाही भाऊंच्या डोळ्यांत टिपूस नाही. गाव बोलणारच. सिनेमात पैशासाठी रडे, सख्खा बाप गेला तर डोळा कोरडा! माणसाने चपलेचा नंबर सांगावा तसं भाऊ सांगायचे, "दगड झालो मी. आहे ते आहे."

त्यांचं पोट चालायचं लग्नाच्या व्हिडिओ शूटिंगवर. तेव्हा तो प्रकार नवाच निघाला होता. खांद्यावर एक भलामोठा कॅमेरा, दुसऱ्या खांद्याला लटकवलेला रेकॉर्डर, वर डोळे दिपवणारा लाइट. पण भाऊंच्या कॅसेटमध्ये बिदाई कधी नसायची. पंगत असायची, अक्षता असायच्या, रुसलेले जावई असायचे. पोरगी आईच्या गळ्यात पडायला गेली की भाऊंचा कॅमेरा बंद. त्यावरून लोक घरी भांडायला यायचे. एक गृहस्थ तर अंगणात उभे राहून ओरडले होते, "माही बायको इतकी रडली, ते कुठं गेलं सारं?" भाऊ गच्चीवरून म्हणाले, "ते त्यांच्यापाशीच आहे ना काका. मी काहून घेऊ?"

पण त्यांचा खरा जीव होता तो दुसऱ्याच कामात. वरच्या खोलीत त्यांनी व्हीसीआर बसवला आणि गच्च्यांवरून बांबू लावून आजूबाजूच्या गल्ल्यांत वायरी नेल्या. ज्याच्या घरी वायर, त्याच्या टीव्हीवर संध्याकाळी सिनेमा. संक्रांतीच्या दिवसांत या वायरींचे फार हाल व्हायचे. पोट्टे "ओ काट" करत सुटायचे, मांजा वायरींत गुंतायचा आणि भाऊ हातात बांबू घेऊन गच्चीगच्चीवर पतंगांशी लढत फिरायचे. तर त्या सिनेमाच्या आधी, थोडा वेळ, भाऊंचा स्वतःचा कार्यक्रम लागायचा. त्याचं नाव 'जसं आहे तसं'. त्यात नट नाही, नटी नाही, गोष्ट नाही. बर्डीवरचा पानठेलेवाला पानं लावतो आहे, शिंपी गिऱ्हाइकाला उद्या ये म्हणून सांगतो आहे, नळावर बाया बादल्यांवरून हमरीतुमरीवर आल्या आहेत. बस, एवढंच. सिनेमा नाही पाहिला तरी चालेल, पण ते पाहायला लोक ताटं घेऊन टीव्हीपुढे बसायचे. आपल्याच गल्लीतलं माणूस टीव्हीत!

आता, माणसासमोर कॅमेरा ठेवला की माणूस काय करतं? भांग पाडतं. पानठेलेवाल्याने पहिल्या दिवशी गळ्यात हार घालून घेतला होता आणि गिऱ्हाइकाला "आपण काय घ्याल?" म्हणून विचारत होता. ज्याने जन्मात कोणाला 'आपण' म्हटलं नाही! भाऊंचा यावर उपाय होता. ते कॅमेरा नेऊन ठेवायचे, पण आत कॅसेट घालायचेच नाहीत. रिकामा कॅमेरा दिवसच्या दिवस तसाच उभा. भाऊ बाजूला स्टुलावर बसून शेंगदाणे खात राहायचे. हळूहळू हार सुकायचा, ते 'आपण' जायचं, ठेवणीतल्या शिव्या यायच्या. "ॲक्टिंग थकू द्या लागते वहिनी," भाऊ म्हणायचे, "ते थकलं की माणूस सुरू होते." तेव्हा कुठे ते कॅसेट घालायचे. आणि दाखवायच्या आधी त्या माणसाला नक्की विचारायचे, दाखवू का? नको म्हटलं तर तिथल्या तिथे पुसून टाकायचे.

आता चंदाकडे येते.

आमची चंदा म्हणजे घरातला रेडिओ. तिचं हसणं गल्लीच्या तोंडापर्यंत ऐकू जायचं. कोणाचीही नक्कल करायची, मामाजींची तर त्यांच्या पाठीमागे उभी राहून करायची. पण पाहायला पाहुणे आले की या पोरीचं काय व्हायचं कोण जाणे! आईंच्या सूचना सुरू व्हायच्या. "हसू नको वं. खाली पाह्य. हळू बोल." वरून चेहऱ्यावर पावडरचा असा थर, की ओठ तेवढे दिसायचे. मग ती जी दगडासारखी बसायची, ती पाहुणे उठेपर्यंत. नाव विचारलं तरी तोंडातून शब्द नाही. एका पाहुण्यांनी तर मामाजींना बाजूला घेऊन विचारलं होतं, पोरगी जन्मापासून मुकी आहे काय म्हणून. अशी बरीच स्थळं गेली. चंदा वरून हसायची, पण तिची ओली उशी मी उन्हात टाकायची, मला माहीत होतं.

त्यात खाप्याचं स्थळ आलं. मुलगा नागपुरात विजेच्या ऑफिसात नोकरीला, खाप्याला संत्र्यांची बाग, माणसं सरळ. मामाजींनी मनात धरलं होतं, की हे जमलं तर जमलं, नाही तर पोरीला पुन्हा कोणासमोर बसवायचं नाही, राहू दे घरातच. मामाजी एकदा बोलले की बोलले. त्यामुळे चंदाच्या जन्माचा निकाल त्या एका दिवसावर येऊन बसला होता.

आईंनी भाऊंना गाठलं. "बाबू, तू सिनेमातला माणूस. हिले थोडंसं शिकवून दे ना. कसं बसावं, कसं लाजावं. चार वाक्यं बोलली तरी लय झालं."

"आई, मी ॲक्टिंग नाही शिकवत," भाऊ म्हणाले. "तिले जसं आहे तसं बसू द्या ना."

"जसं आहे तसं? मंग तं झालंच लग्न!" आई फणकारल्या.

खाप्याची मंडळी आली. मुलगा, त्याचे वडील, आणि त्याची आई. काय बाई होती! उंचनिंच, कपाळावर रुपयाएवढं कुंकू, एक हात कमरेवर ठेवूनच चालायची. पोहे झाले, संत्राबर्फी झाली. चंदा येऊन बसली, पांढरीफटक. "नाव काय तुहं, पोरी?" काही नाही. "रांधता येते का?" काही नाही. "बरं, चालून तं दाखव." चंदा उठली आणि पाटाला अडखळली. बाईंनी नवऱ्याकडे पाहिलं, नवऱ्याने छताच्या पंख्याकडे. जाताना म्हणाले, "कळवतो." कळवतो म्हणजे काय ते आम्हाला पाठ झालं होतं. मामाजी बैठकीचं दार लावून बसले.

त्या दिवसांत भाऊंचा कॅमेरा आमच्याच अंगणात उभा होता. एका घराची सकाळ असा कार्यक्रम करायचं त्यांच्या मनात होतं. तो रिकामा आहे हे आम्हाला माहीत होतं, आणि सवयीने आम्ही त्यावर टॉवेलसुद्धा वाळत घालायला लागलो होतो. दुसऱ्या दिवशी सकाळी भाजीवाली आली. चंदा केस मोकळे, डोक्याला तेल चोपडलेलं, जुनं पातळ गुडघ्यापर्यंत खोचून अंगण धूत होती. सांबारवरून, म्हणजे कोथिंबिरीवरून, दोघींची जुंपली.

"एवढुश्या सांबारले एवढे पैसे? यात काय सोनं लपवलं का मावशी?"

"तुह्या लग्नात फुकट देईन वं, जमव तं खरं आधी!"

दुसरी एखादी रडली असती. चंदाने झाडू टाकला, एक हात कमरेवर ठेवला, मान मागे टाकली आणि खाप्याच्या बाईंची हुबेहूब चाल करत अंगणभर फिरली. "नाव काय तुहं, पोरी? रांधता येते का? चालून तं दाखव!" आणि भाजीवालीलाच चालायला लावलं. भाजीवालीही डोक्यावर टोपली घेऊन लाजत मुरडत चालली, पाटाला अडखळल्याचं सोंग केलं, आणि दोघी एकमेकींच्या गळ्यात पडून अशा हसल्या, की मीही पोळी तव्यावर जळती टाकून बाहेर आले. भाऊ स्टुलावर बसले होते. शेंगदाणे खात नव्हते. तेव्हाच मला कळायला पाहिजे होतं, की आत कॅसेट आहे.

त्यांनी चंदाला विचारलं, "दाखवू का?"

"दाखवा ना भाऊ," चंदा म्हणाली. "आता काय जाते माह्यं? खाप्याले थोडीच दिसते तुमची वायर."

संध्याकाळी ते लागलं. गल्ली हसून हसून आडवी झाली. मामाजी पेपर वाचत होते, त्यांनी आवाज ऐकून मान वर केली आणि पोरीला तसल्या अवतारात टीव्हीत पाहिलं. मी त्यांना इतकं चिडलेलं कधी पाहिलं नाही. "माह्या पोरीचा तमाशा मांडला याने!" जिन्याखाली उभे राहून त्यांनी भाऊंना हाक मारली. "उद्याच्या उद्या खोली खाली करा!" चंदा मध्ये पडली, "बाबा, त्यांनी विचारलं होतं, मी हो म्हटलं," पण ऐकतो कोण? भाऊ वर जाऊन वायरी गुंडाळायला लागले.

आणि सकाळी निरोप आला, की खाप्याची मंडळी पुन्हा येत आहेत. सगळे मिळून. आत्ताच.

कसं काय? तर मुलाची आत्या आमच्या मागच्याच गल्लीत राहायची आणि तिने थोड्याच दिवसांपूर्वी भाऊंची वायर घेतली होती. मुलाची आई त्या रात्री तिच्याचकडे मुक्कामाला होती. बाईंनी स्वतःची नक्कल टीव्हीत पाहिली, साऱ्या गल्लीसोबत! स्थळ तर गेलंच, आता चारचौघांत शोभा होणार. आई देवासमोर बसल्या. चंदाचा चेहरा पावडर न लावता पांढरा पडला होता. मामाजी म्हणाले, "माफी मागू. दुसरं काय?" भाऊ आपली पेटी घेऊन जिन्याच्या पायरीशी उभे राहिले. म्हणाले, "शिव्या खाऊनच जातो. माह्या वाटच्या आहेत त्या."

बाई आल्या त्या थेट अंगणाच्या मधोमध. हात कमरेवर.

"काय हो पाव्हणे," त्या मामाजींना म्हणाल्या, "आमाले फसवता का?"

मामाजींनी हात जोडले. "चूक झाली बाई, पोरगी अजाण..."

"अजाण? अहो, आजवर ऐकलं होतं, की चांगली दाखवतात अन् दुसरीच गळ्यात मारतात. तुमी तं उलटे! ते पांढरी, मुकी पोरगी आमच्यापुढं बसवली, अन् ते टीव्हीतली आत लपवून ठेवली काहून? कोनासाठी ठेवली? आमी काय वाईट हाओत?"

आईंनी माझ्याकडे पाहिलं, मी ह्यांच्याकडे. आणि आतल्या दाराशी उभ्या असलेल्या चंदाला जे हसू फुटलं! तेच, गल्लीच्या तोंडापर्यंत जाणारं. पदर तोंडात कोंबला तरी थांबेना.

"हेच वं, हेच!" बाई ओरडल्या. "हेच हसनं होय! ये इकडं पोरी. कर माही चाल. पुन्हा कर. माह्या पोराले दाखव, काल तो सिनेमाच्या टायमाले आला घरी, त्याचं पाह्याचं राह्यलं."

सुटलो बाप्पा! मी तिथेच ओट्यावर बसले. आई पायरीवर टेकल्या आणि म्हणायला लागल्या, "दोघी एकच आहेत हो, माह्या देवाशपथ एकच आहेत!" बिनपावडरची चंदा सगळ्यांसमोर येऊन उभी राहीपर्यंत बाईंचा विश्वास बसला नाही. मुलगा तिच्याकडे पाहून असा हसत होता, की मामाजींनाही हसू आवरेना. पोहे पुन्हा टाकले.

त्या गडबडीत बाईंची नजर जिन्याकडे गेली. पेटीवर बसलेल्या भाऊंना त्या निरखत राहिल्या. "तू आपल्या खाप्याचा ना गा? तो सिनेमातला?"

"हाव," भाऊ म्हणाले आणि मान खाली घातली. पुढचं वाक्य त्यांना पाठ होतं.

"बापाच्या टायमाले रडला नव्हता तू."

"नाही रडलो."

"गावानं लय नावं ठेवली तुले. मी नाही ठेवली." बाई त्यांच्याजवळ जाऊन उभ्या राहिल्या. "भर उन्हाळ्यात नदीवर अनवाणी गेला होता तू. पायाले फोड आले, तरी कोनाची चप्पल घेतली नाही. तुही माय सांगत होती, तेरवीवरी पोट्टा धड जेवला नाही म्हनून. डोळ्यातूनच निघालं पाह्यजे, असं कुठं हाय?"

भाऊ पेटीवरून उठून उभे राहिले. मामाजी पुढे झाले, ती पेटी उचलली आणि स्वतः जिना चढून वर नेऊन ठेवली. मामाजींचं माफी मागणं एवढंच असायचं. पुढे एका रविवारी मी भाऊंना विचारलं, "त्या आत्याच्या घरी वायर गेलीय, हे तुम्हाला ठाऊक होतं ना?" कांदा चिरता चिरता म्हणाले, "मी वायर जोडतो वहिनी. नातं जोडत नाही." खरं काय ते त्यांनाच माहीत.

लग्न झालं दिवाळीनंतर, आमच्याच गल्लीत मांडव घालून. शूटिंग अर्थातच भाऊंचं. सगळं सुरळीत पार पडलं आणि बिदाईची वेळ आली. बाया पदर सरसावून उभ्या. आईंचे डोळे सकाळपासूनच वाहत होते. आणि चंदा? चंदा हसत होती! नवऱ्याच्या कानात काही सांगत होती आणि दोघंही हसत होते. मावश्या, आत्या एकमेकींना कोपरखळ्या मारायला लागल्या. माहेर सोडताना न रडणारी पोरगी म्हणजे आमच्याकडे मोठी नाचक्की. आई घाबऱ्याघुबऱ्या भाऊंकडे आल्या.

"बाबू, तुले सारं येते. तिले थोडंसं रडव ना गा. लोक काय म्हनतीन?"

"आई, मी रडवत नाही कोनाले," भाऊ शांतपणे म्हणाले. "खुश आहे ते. राहू द्या." आणि आश्चर्य म्हणजे, आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी बिदाईला कॅमेरा बंद केला नाही. रडणं नव्हतंच ना, कशाला बंद करतील?

चंदा सगळ्यांच्या पाया पडली, मला कडकडून भेटली आणि जीपमध्ये चढली. जीप सुरू झाली तेव्हा तिने भाऊंना पाहिलं. हात हलवला आणि आपल्या त्या खणखणीत आवाजात हसत हसत ओरडली, "भाऊ, मी चालली खाप्याले! तुम्ही राहा इथंच!"

तिला बिचारीला काय माहीत? कांदा चिरताना भाऊंनी सांगितलेली ती पिशवीची गोष्ट मी कोणाला सांगितली नव्हती. मी भाऊंकडे पाहिलं. त्यांनी कॅमेरा खांद्यावरून उतरवून हळूच खुर्चीवर ठेवला. तो तसाच चालू राहिला, म्हणून चंदाच्या लग्नाच्या कॅसेटमध्ये शेवटी जीप दिसत नाही, मांडवाबाहेरच्या चपला दिसतात, आणि मागून नुसते आवाज येतात. जीप वळणावरून दिसेनाशी झाली तरी भाऊ तिकडेच बघत होते. मग त्यांचे खांदे हलायला लागले. मला वाटलं खोकला आला. चष्मा काढला त्यांनी, आणि लहान पोर रडतं ना, तोंड वाकडं करून, नाक गळतंय त्याचं भान नाही, तसा तो टकला माणूस भर गल्लीत उभा राहून रडायला लागला. लोक बघत होते. आई पदराने तोंड पुसत म्हणाल्या, "चला बाप्पा, आपल्याकडून कोनी तं रडलं!"

मी पाण्याचा तांब्या घेऊन धावले. भाऊंनी तो घेतला नाही. गालावरचं पाणी बोटावर घेतलं, माझ्यासमोर धरलं, आणि रडता रडता हसायला लागले.

"वहिनी, पाहा! कांदा नाही! माह्यं आहे हे, माह्यं!"

मी म्हटलं, "दिसून राहिलं भाऊ. पुसू नका, राहू द्या."